मधला भाग

बालीगंजच्या कॉलेजात गद्रे सरांनी फळ्यावर दोन सुटी वर्तुळं काढली. एकात लिहिलं ‘मुलगा’, दुसऱ्यात ‘मुलगी’. बायको सकाळपासून प्रसूतिगृहात होती, त्यामुळे उदाहरण आयतंच मिळालं होतं.

“एका बाळंतपणात दोन्ही होत नाहीत, म्हणून संभाव्यतांची नुसती बेरीज करायची. वर्तुळं एकमेकांत शिरली, तरच दोनदा मोजलेला मधला भाग एकदा वजा करायचा.”

शिपाई धापा टाकत दारात आला. “सर, फोन आला होता. मुलगा झाला.” त्याने दम घेतला. “आणि मुलगीही. सगळी सुखरूप आहेत.”

सरांनी एक वर्तुळ पुसलं आणि दुसऱ्यात शिरेल असं पुन्हा काढलं.

“आता मधला भाग वजा करायचा ना, सर?” पहिल्या बाकावरच्या तपतीने विचारलं.

“आज काहीच वजा करायचं नाही,” म्हणत सर खडूसकट जिन्याकडे पळाले.