एकाच गाडीवर

निकाल ऐकून बाहेर आलो, तर मोटारसायकलची किल्ली खिशात सापडेना. शेवटी ती डब्याच्या पिशवीत मिळाली.

शाळेत लिपिकाची जागा एक आणि शिपाई दोघं, मी आणि सुद्या. बढती मला मिळाली, तशी त्यानं दावा ठोकून ती अडवली. पण सकाळची एसटी नसल्यानं दर तारखेला कोर्टात यायचा माझ्याच गाडीवर. जेवायचोही एका डब्यात. "भांडण कागदावरचं रे," तो म्हणायचा.

आज सेवाज्येष्ठता त्याची ठरली. उद्यापासून घंटा मी एकटाच देणार आणि अख्खी शाळा त्याला भाऊसाहेब म्हणणार.

मी चिडून किक मारली. "बसा, भाऊसाहेब!"

वाटलं, नेहमीसारखी शिवी हासडेल. तो शर्ट नीट करून मागं बसला. "सावकाश घे," म्हणाला.