अर्काडी सरांची पट्टी

वरचा सूर तिसऱ्यांदाही फाटला. अर्काडी सरांनी खुर्चीची पाठ धरली, डोळे मिटले आणि म्हणाले, "खलास." शारजात राहून अरबी एवढंच शिकले होते बिचारे, पण नेमकं शिकले होते.

रशियाचे नावाजलेले ऑपेरा गायक. बॅरिटोन, म्हणजे भरदार, घुमणारा आवाज. सैबेरियातल्या कुठल्याशा खाणीच्या गावातून निघाले आणि या एका सुरानं त्यांना मॉस्को दाखवलं, मिलान दाखवलं. लोक उभे राहून टाळ्या वाजवायचे. आता शारजाच्या अल मजाज भागात मुलीच्या फ्लॅटवर असतात. घशाच्या ऑपरेशननंतर शनिवारी दुबईत पहिल्यांदा गायचं होतं. आज सूर लागला नाही तर कार्यक्रम रद्द, आणि परत गाणं नाहीच, असं त्यांनी मुलीला, व्हेराला, सकाळीच सांगून टाकलं होतं. ती स्वयंपाकघरात भांड्यांचा आवाजही न करता उभी होती.

साथीला अनुपमा. शाळेत म्युझिक टीचर, मूळची सांगलीची, नाट्यगीतांना पेटी वाजवून वाजवून हात तयार झालेला. तिला यात एवढं जिवाला लावून घेण्यासारखं काय आहे तेच कळेना. घसा साथ देत नाही ना, मग पट्टी उतरवा की! तिनं सरांना पाणी प्यायला पाठवलं आणि डिजिटल पियानोवरचं एक बटण हळूच दाबलं. अख्खा पियानो अर्धा सूर खाली आला.

"यल्ला सर, चला, एकदाच."

या वेळी सूर लागला. नुसता लागला नाही, खोलीभर राहिला. व्हेरा ओल्या हातांनी धावत आली आणि बापाच्या गळ्यात पडून रडली. अनुपमालाही भरून आलं.

सर मात्र हसले नाहीत. व्हेरा चहा ठेवायला गेल्यावर ते पियानोजवळ आले. "तुम्ही खाली आणलंत. माझ्या घशाला कळतं." मग बोलतच राहिले. संगीतकारानं सूर जिथे लिहिलाय तिथेच तो गायचा, आजवर सगळ्यांनी तिथेच गायलाय, खाली ओढणं म्हणजे चोरी. म्हातारे गायक असं करतात तेव्हा विंगेतली पोरं तोंड लपवून हसतात.

अनुपमा ओशाळली. चुकलंच आपलं, विचारायला हवं होतं.

"सॉरी सर. पण आमच्याकडे याला चोरी नाही म्हणत," ती म्हणाली. "गाणारा आधी आपला सा सांगतो. पेटी, तंबोरा, तबला, सगळे त्या सा-शी जुळवून घेतात. वय झालं की सा खाली येतो. कोणी हसत नाही."

"मोठे गायकसुद्धा?"

"त्यांना तर आम्हीच विचारतो, आज कुठे लावू?"

सर बसले. मग म्हणाले, "माझा कुठला?"

"ते मी कसं सांगू? तुम्ही सांगायचं."

सत्तरी ओलांडलेल्या या माणसाला हे कधी कोणी विचारलंच नव्हतं. ते ओठ मिटून गुणगुणू लागले. वर गेले, थांबले, मान हलवली. खाली आले. आणखी खाली. अनुपमा बोटं पियानोवर नुसती टेकवून वाट बघत राहिली.

"इथे," सर म्हणाले. "शनिवारी इथून. आणि लोकांना आधी सांगून."