सगुणाचा दुखवटा

“सगुणा, पोरी, माहेरचा दुखवटा घे,” म्हणत खेड्यातून आलेल्या एका अनोळखी म्हातारीनं रेडिओ केंद्राच्या दारातच लुगडं पुढं केलं.

केंद्राच्या शेतकरी कार्यक्रमात कुमुद सगुणा व्हायची आणि मनोहर तिचा नवरा. रोज संध्याकाळी या दोघांचं भांडण ऐकल्याशिवाय पंचक्रोशीतल्या म्हशी पान्हा सोडत नसत! खरं तर कुमुद बिनलग्नाची, मनोहर लेकुरवाळा. काल त्याची तिरडी उठली तेव्हा ती लांब, केंद्राच्या माणसांत कोरड्या डोळ्यांनी उभी होती. तिथं रडायचा हक्क त्याच्या खऱ्या बायकोचा होता.

“आजी, अहो, आमचं नवरा-बायकोपण नुसतं रेडिओवरचं...”

“रेडिओवर का हुईना, संसार केलास न्हवं?” म्हातारीनं स्वतःचे डोळे पुसले. “मग रड की!”

कुमुदनं लुगड्यात तोंड खुपसलं.

त्या संध्याकाळी रेडिओ भांडला नाही, आणि एकाही म्हशीनं पान्हा सोडला नाही.