चाळून टाकलेली माती

"रांगत्या पोरीला उत्खननावर नेऊ नकोस, मातीत लोळेल," सासूबाईंनी बजावलं होतं. मी हसण्यावारी नेलं. हडप्पा संस्कृतीचा एकही पुरावा सापडला नव्हता आणि दुसऱ्या दिवशी खड्डे बुजवायचे होते. संध्याकाळी नातीला आंघोळ घालताना सासूबाई करवादल्या, "चाळून टाकलेल्या मातीच्या ढिगात रांगलीय बया! गुडघ्यांना काय चिकटलंय हे?"

"आई, धुऊ नका!" मी किंचाळले.

मोहरीएवढे पांढरे मणी होते, हडप्पाच्या कारागिरांनीच भोकं पाडलेले, आमच्या जाड चाळणीतून निसटलेले. खड्डे बुजवणं रद्द झालं!

आज सकाळपासून सासूबाई चहाची गाळणी घेऊन त्या ढिगाशी बसल्यात. ऊन चढलंय, पण माझं ऐकतील तर शपथ. तिकडून जाणार असाल तर त्या पाणी प्यायल्यात का, तेवढं बघाल?