हद्दीवरचा फणस

"नुसतं डिलीट केलं ना बाबा, तर दारावरची पाटी तेवढी निघते. माणूस आत तसाच बसलेला असतो," श्रुतिका सासऱ्यांना म्हणाली.

चंद्रप्रकाशांना ते लगेच पटलं. आत बसलेल्या माणसांचा त्यांना दांडगा अनुभव होता.

सून पवईच्या एका कंपनीत हेच काम करायची. जुन्या कॉम्प्युटरमधली माहिती अशी पुसायची, की ती पुन्हा कुणाच्या बापाला सापडू नये. घरच्या कॉम्प्युटरला मात्र तिला आज पहिल्यांदाच हात लावू दिला होता. त्यात एक फणस होता. गावच्या घराच्या हद्दीवरचा. अर्ध्या फांद्या चंद्रप्रकाशांच्या अंगणात, अर्ध्या धाकट्या भावाच्या, बाळाच्या. त्या फणसाचे सगळ्या ऋतूंतले फोटो, मोजणीचे नकाशे, आणि बाळा फोनवर काय काय बोलला त्याची रेकॉर्डिंग.

मागच्या समेटाच्या जेवणात, सोलकढी वाढायच्या वेळेला, चंद्रप्रकाशांनी बाळाला त्याचीच एक शिवी ऐकवली होती. पुराव्यादाखल. बाळा पानावरून उठून घाटकोपरला गेला तो गेलाच. आता त्यानेच फोन केला होता, संध्याकाळी येतो म्हणून. भावोजी उंबरा ओलांडायच्या आत तो कॉम्प्युटरचा डबा रिकामा झाला पाहिजे, असा चंद्रप्रकाशांच्या बायकोचा, रुक्मिणीबाईंचा निकाल होता. दोघा भावांची वयं बघता पुढचा समेट वर जाऊनच करावा लागला असता, आणि तिथे जेवणाची काय सोय असते कुणास ठाऊक.

"मग खरं पुसायचं कसं?"

"त्याच्यावर दुसरं काहीतरी लिहायचं. पार शेवटच्या कोपऱ्यापर्यंत. आम्ही शून्यं लिहितो."

चंद्रप्रकाशांनी पडद्यावरच्या फणसाकडे पाहिलं. एवढ्या फणसाच्या जागी शून्य. तेवढ्यात स्वयंपाकघरातून सूचना आली, की शून्यं कशाला, श्रीराम लिही. यंत्राची काही हरकत नव्हती. श्रुतिकाने श्रीराम टाकलं. 'यातलं काहीही परत मिळणार नाही' असं पडद्यावर आलं, तेव्हा तिने सासऱ्यांकडे पाहिलं. बटण त्यांनी स्वतः दाबलं, देवाला फूल वाहावं तसं.

मग दुपार पसरली. पंखा फिरत होता. डब्याच्या आत डिस्क पुटपुटत होती. पडद्यावरची हिरवी पट्टी मुंगीच्या पावलाने सरकत होती, आणि बघता बघता तिचं खोड झालं. खोडावर खरंच मुंग्या चढत होत्या. वाकून पाहिलं तर ती अक्षरं होती. ज्या पानावर ती बसत, ते पान कुणाच्या बाजूचं ते कळेनासं होई. अगदी वर, हाफ पँटीतला बाळा पाय हलवत बसला होता. त्याने तोंड भरून शिवी घातली, पण खाली येईपर्यंत तिचा राम झाला. वर ये ना रे दादा, असं तो म्हणाला. चंद्रप्रकाश चढू लागले. गुडघे अजिबात दुखत नव्हते.

"बाबा, झालं."

श्रुतिकाने डिस्क या टोकापासून त्या टोकापर्यंत दाखवली. कुठेही बघा, श्रीराम. फणस नाही, मोजणी नाही, शिवी नाही. चंद्रप्रकाशांना एकदम हलकं वाटलं, थोडं पोरकंही.

बेल वाजली. दारात बाळा, आणि त्याच्या कडेवर, लेकरू घ्यावं तसा, एक फणस. गावाहून आलेला. आत आल्या आल्या त्याने जमिनीवर पेपर अंथरला, हाताला खोबरेल चोपडलं आणि फणस फोडला. घरभर वास सुटला. पहिला गरा त्याने थोरल्या भावापुढे धरला.

चंद्रप्रकाशांनी गऱ्याकडे पाहिलं. कुठल्या बाजूच्या फांदीचा, हा प्रश्न पोटातून निघाला आणि ओठांपर्यंत आला. तो येताना रुक्मिणीबाईंना दिसला. श्रुतिकालाही दिसला.

चंद्रप्रकाशांनी डोळे मिटले. त्यांचे ओठ हलू लागले. आवाज नाही, नुसतेच ओठ.

बाळाचा हात तसाच पुढे राहिला. "निजलस काय रे, दादा?"

"नाही हो, भावोजी," रुक्मिणीबाई हळूच म्हणाल्या. "पुसतायत. जुनी डिस्क आहे, जरा वेळ लागतो."