कट म्हणायचा हक्क

"मावशी, तुमची कुजबुज रेकॉर्डिंगमध्ये येऊन राहिली. बाहेर बसा ना."

निर्माता उमाकांत पुन्हा म्हणाला. चंपाबाई जागची हलली नाही. कॅम्प-१ वस्तीतल्या त्या भाड्याच्या खोलीत, दिग्दर्शकाच्या खुर्चीला खुर्ची लावून ती सकाळपासून बसली होती. दिग्दर्शक म्हणजे तिचाच पोरगा, अमरदीप. पन्नाशीचा घोडा झाला, तरी माय कानाशी लागलेली. "पोरगी दाराकडे पाहून राहिली. आता पदर तोंडाले लावला. मांगं बादली कोणाची हाय?" असं तिचं अखंड चालू. युनिट तोंड दाबून हसत होतं.

"मले कावून उठवता? मी का तुमच्या मांडीवर बसली?"

अमरदीपने कपाळ चोळलं. आवाज थकलेला होता. "जाय माय. एवढा एकच शॉट."

ती उठली. उमाकांतकडे असं पाहून गेली की त्याने मान खाली घातली.

उमाकांतचा अमरदीपवर भरवसा होता. माणूस खालून वर आलेला. आधी सिनेमाचे सेट रंगवले, भिंती उभ्या केल्या. मग वर्षानुवर्षं कॅमेरा धरला. आता दिग्दर्शक. हा सिनेमा जमला तर पुढचाही त्यालाच द्यायचा, असं उमाकांतने ठरवून टाकलं होतं.

शॉट सुरू झाला. खिडक्यांना काळं कापड, नायिका वैभवीच्या चेहऱ्यावर एकच दिवा. गेलेल्या नवऱ्याचं हेल्मेट पोटाशी धरून ती बोलू लागली. अर्ध्यात दिवा विझला. खोलीत मिट्ट काळोख. पण कट म्हणायचा हक्क एकट्या अमरदीपचा. मधे तोंड उघडणाऱ्याला तो सरळ घरी धाडायचा. सगळे श्वास धरून थांबले. वैभवी शिस्तीची. ती अंधारातच रडत राहिली, शेवटच्या शब्दापर्यंत.

"कट. ओके," अमरदीप म्हणाला. "चेहरा फार सुंदर आला, वैभवी."

कोणी हललं नाही. मग कोणीतरी खिडकीचं कापड ओढलं. उजेड आत आला. सगळे अमरदीपकडे पाहत होते आणि त्याला ते कळत नव्हतं.

"दादा..." उमाकांतने त्याच्या डोळ्यांसमोर हात हलवून पाहिला. "कधीपासून?"

उत्तर दारातून आलं.

"कॅमेरा सोडला तवापासून," चंपाबाई म्हणाली. "तुमी त्याले बढती समजले."