शेवटचा शिंपला

होक्काइदोचा किनारा, मागे डोंगर, आणि शेगडीभोवती फक्त आम्ही घरचे चौघे. आमच्या गावात शेवटचा तुकडा उचलला की माणूस हावरट ठरतो. त्यामुळे पहिल्या फेरीतला शेवटचा शिंपला जाळीवर करपत चालला होता.

"सुमिए वहिनी, घ्या की."

"छे हो भावजी, पोटात तीळभर जागा नाही!" पण वहिनींची नजर शिंपल्यावरच.

तेवढ्यात डोंगरातून अस्वल उतरलं. आम्ही धूम ठोकून गाडीत शिरलो. भाजायला ठेवलेल्या परातभर माशांवर आणि अळंबीवर ताव मारून ते आलं तसं निघून गेलं. आम्ही भीत भीत परतलो. परातीत एकच मासा उरला होता.



"अगंबाई," वहिनी म्हणाल्या, "हे तर आपल्याच गावचं!"